पंच जेवले कुठं?

मार्गशीर्ष अमावास्या, म्हणजे आमच्याकडची येळवस. रक्कम चाळीस रुपये हाली, म्हणजे निजामाच्या नाण्यात. हजर तीन पंच, वादी-प्रतिवादी दोघे, आणि पाहुणा म्हणून मी. त्या दिवशी पंचांनी दिलेला निवाडा माझ्या मामासासऱ्यांच्या बाजूनं लागला, आणि पुढे मुन्सफीत, म्हणजे तालुक्याच्या कोर्टात, जाऊन तो रद्द करून घेतला तोही मामासासऱ्यांनीच. हरलेला निवाडा मोडायला धडपडणारी माणसं मी पुष्कळ पाहिली आहेत. जिंकलेला निवाडा पदरचे पैसे घालून मोडणारा माणूस हैदराबादपासून भालकीपर्यंत एकच झाला, आणि तो माझ्या बायकोचा मामा निघावा हे माझं नशीब. ते चांगलं की वाईट, याचा हिशेब मला अजून लागलेला नाही. आणि हिशेब लावणं हा तर माझा पोटाचा धंदा आहे. भालकीच्या एका आडतीत मी वह्या लिहितो.

मामा मंठाळचे. गाव त्यांना अप्पा म्हणायचं. पंचवीस एकर कोरडवाहू, सहा एकर बागायत, अंगात बाराबंदी, डोक्याला पटका आणि चेहऱ्यावर कायम कुणाचं तरी म्हणणं ऐकून घेत असल्याचा भाव. निवाडा कोणाच्या बाजूनं लागला याच्याशी त्यांना फारसं कर्तव्य नसे. तो कुणी दिला, कोणत्या अधिकारानं दिला, कुठं बसून दिला आणि देण्याआधी दोघांचं ऐकलं की नाही, एवढंच ते विचारत. घरात दोन नातवंडं पेरूवरून भांडली आणि मामींनी पेरू कापून अर्धा-अर्धा दिला, तर मामा ओसरीवरून विचारत, "दोगांचं ऐकलीस का?" मामी म्हणत, "अर्धा-अर्धा दिलाय की, आता काय ऐकायचं?" त्यावर मामा दोन्ही अर्ध्या फोडी परत घेत, दोघांचं सावकाश ऐकून घेत, आणि पुन्हा अर्धा-अर्धाच देत. तोवर पेरू काळा पडलेला असे. पण पोरं रडायची थांबलेली असत, हेही मला नमूद केलं पाहिजे.

पंच निवडताना त्यांचे तीन प्रश्न ठरलेले होते. सोयरा हाय का? देणं-घेणं हाय का? जेवलाय का? पहिले दोन कुणीही विचारील. तिसरा फक्त मामांचा. ज्या घरचा तंटा त्या घरचं मीठ पंचाच्या पोटात असता कामा नये, असा त्यांचा दंडक होता. म्हणून मंठाळात पंचायत बसली की पंचांचं जेवण मारुतीच्या देवळात होई. दोन्ही घरून सारखं पीठ यायचं, ते एका परातीत मिसळायचं आणि गुरवीण भाकरी थापायची. कोणती भाकरी कोणाच्या जोंधळ्याची हे देवालाही सांगता येऊ नये, अशी ती व्यवस्था. ही रीत जुनीच होती. मामा फक्त परातीजवळ उभे राहून पीठ नीट मिसळलं की नाही ते पाहत. एकदा गुरवीण वैतागून म्हणाली, "अप्पा, तुमीच मळा की." मामा दोन पावलं मागं सरले. "मला मळता येत न्हाई. माझं पीठ हाय त्यात."

जागेबद्दलही त्यांचा असाच कटाक्ष. एका बांधाच्या तंट्यात पंच ओढ्याच्या पलीकडं, चिंचेच्या गार सावलीत सतरंजी टाकून बसले. ओढा ही गावाची शीव. पलीकडं जहागिरीचं गाव, अलीकडं दिवाणीचं, म्हणजे थेट सरकारचं. मामांचा त्या तंट्याशी काही संबंध नव्हता, ते बैल धुवायला आले होते. तिथूनच ओरडले, "तिथं बसून हितल्या बांधाचं कसं सांगतायसा? उठा!" पंच उठले, सतरंजी उचलली आणि अलीकडं येऊन भर उन्हात बसले. निवाडा तोच झाला. ज्याचा बांध गेला तो माणूस पुढे मुन्सफीत गेला आणि पंच परक्या हद्दीत बसले होते असं त्यानं सांगितलं. तेव्हा मामा साक्षीला उभे राहिले आणि सतरंजी आपण स्वतः हलवल्याचं सांगून आले. तो बांध पंचांनी ठरवला तिथंच राहिला, आणि तो माणूस मामांशी आयुष्यभर बोलला नाही.

गावाशीही ते असेच वागत. जत्रेत मंठाळच्या पैलवानानं चांदीचं कडं मारलं, गाव नाचायला लागलं, आणि मामा आखाड्याच्या कडेला उभे राहून म्हणाले, "कुस्ती लावणारा तर ह्याच्या बहिणीचा सासरा हाय!" कडं परत गेलं नाही, पण मामांच्या घरी पंधरा दिवस न्हावी आला नाही. वाढलेल्या दाढीनं ते भालकीला माझ्याकडं आले तेव्हा मी विचारलं, "मामा, आपलाच पैलवान होता ना?" म्हणाले, "म्हनून तर बोललो, जावईबापू. दुसऱ्या गावचा असता तर त्यांचं त्यांनी बघितलं असतं."

आता विहिरीचं सांगतो.

मामांच्या आणि बिरप्पाच्या शेताला एकच विहीर. बिरप्पाचा आजा मेंढरं घेऊन फिरायचा. मामांच्या आज्यानं त्याला जमिनीचा तुकडा दिला, खतासाठी त्याची मेंढरं शेतात बसवून घेतली, आणि दोघांनी मिळून ही विहीर काढली. तेव्हापासून आठ दिवसांची पाळी: चार दिवस यांची मोट, चार दिवस त्यांची. पुढं बिरप्पाच्या बापानं दोन एकर विकले. मामांचं म्हणणं, रान कमी झालं तर पाणीही कमी. आता पाच दिवस माझे, तीन तुझे. बिरप्पाचं म्हणणं, विहीर खांदताना माझ्या आज्यानं रान मोजून टिकाव मारला नव्हता. दोघांचं म्हणणं मला पटायचं, आणि हे मी दोघांनाही सांगितलं होतं. त्यामुळे माझ्याकडं पुन्हा कुणी आलं नाही. बिरप्पानं त्या वर्षी पहिल्यांदाच दीड एकर ऊस लावला होता. तीन दिवसांच्या पाण्यावर चैत्र-वैशाखात ऊस धरत नाही, हे कोणालाही सांगावं लागत नव्हतं. ऊस वाळला तर त्या घराचं वर्ष वाळणार होतं. त्याच भरात एकदा मामांच्या पाळीत बिरप्पानं मोट सोडवून ठेवली, त्या ओढाताणीत मोटेचा नाडा तुटला, आणि तंटा पंचांपुढं गेला.

तीन पंच ठरले. एक शेजारच्या कोहिनूर गावचे म्हातारे शेतकरी, एक भालकीचे घरी बसलेले मास्तर आणि एक मंठाळचेच कापडवाले. दिवस मात्र ठरेना. मामांनी सोमवार नको म्हटलं, कारण कापडवाल्यांच्या दुकानात बिरप्पा त्या दिवशी खरेदीला जातो. बाजाराचा दिवस नको, माणसं पंचांच्या कानाला लागतात. एकादशी नको, उपाशी पंच चिडका असतो. असं करत करत येळवस तेवढी उरली. त्या दिवशी बसू नये असं कोणाला सुचलं नाही, कारण नको म्हणायचं काम मामांचं होतं आणि ते दमले होते.

येळवशीला आमच्या भागात घरात कुणी राहत नाही. सगळे शेतात. कडब्याची कोप उभारायची, आत पाच दगड पांडव म्हणून पुजायचे, शेताभोवती आंबील शिंपडत फिरायचं आणि मग जेवायला बसायचं: शेंगा-पालेभाज्यांची भज्जी, बाजरीचे वाफवलेले उंडे, खीर आणि बिंदगीभर, म्हणजे मडकंभर, आंबील. बांधावरून जाणारा कोणीही असो, त्याला हाक मारायची, आणि हाक आली की त्यानं नाही म्हणायचं नाही. ज्या शेतातून बोलावणं येईल तिथं निदान लोटकंभर आंबील प्यायचीच. आता हे तीन पंच विहीर बघायला निघाले, आणि विहिरीची वाट मामांच्या शेतातून. मामा स्वतः तिथं नव्हते. तंटेदारानं पंचांच्या आसपास फिरकू नये म्हणून ते सकाळी देवळात पीठ मिसळून झालं तसे एकटेच घरी जाऊन बसले होते, जवळ फडक्यात बांधलेले दोन उंडे. कोपीपाशी मामी, माझी बायको आणि मी. मामींनी बांधावर तीन माणसं पाहिली आणि हाक मारली, "या जेवायला! येळवस हाय!"

पंच थबकले. मास्तर म्हणाले, "अप्पांना चालंल का?" मामी म्हणाल्या, "येळवशीला काय अप्पाला इचारायचं? बसा." पंच बसले. मी वाढायला होतो, म्हणून मला ठाऊक आहे. भज्जी दोनदा घेतली. खीर कोहिनूरकरांनी तीनदा. आंबील सगळ्यांनी. मग जड अंगानं ते विहिरीकडं गेले. विहिरीच्या पलीकडं बिरप्पाची कोप. तोही मामांसारखाच पंचांपासून लांब राहिला होता. बिरप्पाची बायको निलव्वा हातात लोटकं घेऊन बांधावर उभी होती. तिनं हाक मारली. कापडवाल्यांनी पोटावर हात फिरवून दाखवला, मास्तर हसले, आणि तिघे विहीर बघून तसेच देवळाकडं वळले. निलव्वा बराच वेळ बांधावर उभी होती.

दुपारी मामांना आणि बिरप्पाला देवळात बोलावणं गेलं आणि निवाडा झाला. पाच दिवस मामांचे, तीन बिरप्पाचे, आणि नाडा तोडल्याबद्दल बिरप्पानं मामांना चाळीस रुपये द्यावेत. मामांनी पटका सारखा केला आणि एवढंच म्हणाले, "नाड्याचं मी इचारलं नव्हतं." पण चेहरा उजळला होता. चार दिवस घरात कुणाच्याही भांडणात त्यांनी लक्ष घातलं नाही. पाचव्या दिवशी गुरवीण पीठ परत द्यायला आली. येळवशीला पंचांसाठी म्हणून आणलेलं ते मिसळलेलं पीठ तसंच राहिलं होतं. मामांनी विचारलं, "मग पंच जेवले कुठं?"

मामींनी सांगितलं. त्यांना त्यात काहीच लपवण्यासारखं वाटलं नव्हतं.

"आन् बिरप्पाकडं?"

"तिकडं कुठं? पोट भरलं होतं त्यांचं."

मामा ओसरीच्या कडेला जाऊन बसले. दुपारी जेवायला आले नाहीत. संध्याकाळी माझ्याकडं निरोप धाडला: साक्षीला यावं लागेल, तयार राहा.

पंचांचा निवाडा तेव्हा मुन्सफीत दाखल होई, आणि त्यावर कोर्टाचा हुकूमनामा मिळाला की तो पक्का. त्याआधी कुणाची हरकत असेल तर तिथं सांगायची. बिरप्पानं हरकत घेतली नव्हती. त्यानं चाळीस रुपये कोर्टात भरूनसुद्धा टाकले होते. त्यासाठी अकरा मेंढ्या विकल्या होत्या. हरकत घेतली मामांनी. वकीलसाहेबांनी कागद दोनदा वाचून घेतला आणि म्हणाले, "अप्पा, हे उलटं झालंय. जिंकलेले तुमी हाव."

"व्हय. पर कसं जिंकलो ते बगा की."

"चाळीस रुपये मिळायलेत, पाण्याचे पाच दिवस मिळायलेत. आनि काय पाहिजे?"

"मला काय पाहिजे ते पंच ठरवतील. पर त्या दिवशी ते पंच नव्हते, साहेब. माझे पाव्हणे होते."

घरी मामी संतापल्या होत्या. "माझ्या हातचं जेवन म्हंजे लाच व्हय? कोर्टात सांगनार तुमी, की बायकोनं खीर घातली म्हनून निवाडा बाटला?" मामींनी मामांपुढं ताट ठेवलं. "चाळीस वरसं माझ्या हातचं खाताव. मग तुमी तरी कोनाला न्याय सांगायला लायक हाव का?"

मामा म्हणाले, "म्हनूनच तुझ्याबाबतीत मी कदी निवाडा दिला न्हाई." मामींनी भाकरी जरा जोरात आपटली, पण ती मामांच्याच ताटात आपटली, हे मी पाहिलं.

पेशीच्या दिवशी मुन्सिफसाहेबांनी कागद बाजूला ठेवून दोघांकडं पाहिलं. जिंकलेला माणूस निवाडा मोडा म्हणत होता, आणि हरलेला हात जोडून तो कायम ठेवा म्हणत होता. बिरप्पाला वाटत होतं की यात अप्पांचा काही मोठा डाव आहे. "हुजूर, मी हरलोय ते बरं हाय. पुन्ना नको. आता पाच घेतलेत, पुन्ना बसले तर सहा घेतील."

"आप जीते हैं ना?" साहेबांनी मामांना विचारलं.

"जी हुजूर."

"फिर?"

मामांनी दोन गोष्टी सांगितल्या. नाड्याची भरपाई पंचांना कुणी विचारलीच नव्हती. विचारलं तेवढंच सांगायचा त्यांना अधिकार होता. आणि पंच एका घरी जेवले, दुसऱ्या घरी नाही. साहेबांना येळवस माहीत होती. ते म्हणाले, सणाच्या दिवशी वाटसरूला जेवायला घालणं ही इथली रीत आहे, त्यात पक्षपात कुठून आला? मामा म्हणाले, "रीत तर हीच हाय हुजूर, की हाक आली त्या परत्येक शेतात घोटभर घ्यायची. यांनी माझ्याकडची रीत पाळली, याची मोडली. त्याच पायानं येऊन निवाडा दिला."

मग मला उभं केलं. काय काय वाढलं ते मी सांगितलं. खिरीच्या आकड्याला कचेरीत थोडं हसू झालं, कोहिनूरकर मान खाली घालून बसले. बिरप्पाकडं काय खाल्लं असं विचारल्यावर मी सांगितलं, काही नाही. निलव्वा दाराशी उभी होती. तिला कोणी विचारलं नव्हतं, तरी ती बोलली. "हाक मारली होती मी. आले न्हाईत. भरलेली बिंदगी तशीच डोक्यावर घेऊन घरी गेले मी."

बिरप्पा तिच्याकडं वळला. ही गोष्ट तिनं त्याला सांगितली नव्हती. नंतर साहेबांनी विचारलं तेव्हा निवाडा कायम ठेवा असं तो पुन्हा म्हणाला नाही.

निवाडा रद्द झाला. चाळीस रुपयांचा भाग पंचांच्या अधिकाराबाहेरचा म्हणून, आणि बाकीचा दोन्ही पक्षांना सारखं वागवलं नाही म्हणून. त्याच पंचांनी पुन्हा बसून फक्त पाण्याचं सांगावं असा हुकूम झाला. पंच तेच ठेवायला मामांची हरकत नव्हती. "मानसं चांगली हायत," ते म्हणाले, "पोट चुकलं."

दुसऱ्या बैठकीला पंच आपापल्या घरून भाकरी बांधून आले. मामांनी गावात सांगून ठेवलं होतं की कुणी चहासुद्धा पाजायचा नाही. ऊन चढलं तसे मास्तर म्हणाले, "अप्पा, पाणी तरी पिऊ का?"

"प्या की. त्या विहिरीचं न्हाई."

या वेळी पंच दोन्ही बांधांवरून फिरले, दोघांचं ऐकलं, आणि त्यांनी विहिरीच्या काठावर बसून सांगितलं: विहीर दोघांनी काढली, रान विकलं म्हणून विहीर विकली जात नाही, चार दिवस यांचे, चार दिवस त्यांचे, पहिल्यासारखं. सगळ्यांनी मामांकडं पाहिलं. वकीलसाहेबांचा कारकून तर हरकतीचा कागद घेऊनच आला होता. मामांनी पटका काढला, झटकला आणि पुन्हा बांधला.

"निवाडा चुकलाय," ते म्हणाले. "पाचवा दिवस माझाच हाय, मरेपर्यंत म्हनीन. पर रीतीनं चुकलाय." मग बिरप्पाकडं न बघताच म्हणाले, "उद्यापास्नं तुझी पाळी. नाडा नवा हाय, जपून वापर."

बिरप्पाचा ऊस त्या वर्षी निघाला. मामा आणि बिरप्पा यांचं गूळपीठ झालं असं मात्र कुणी समजू नये. दोघं बांधावर समोरासमोर आले तर बैलांशी बोलत. फक्त दर येळवशीला, आमची जेवणं होत आली की मामा उठत, बांध ओलांडून पलीकडं जात, निलव्वाच्या हातचं एक लोटकं आंबील उभ्या उभ्या पीत आणि परत येत. मी एकदा विचारलं, "मामा, हे कशाबद्दल?" म्हणाले, "पंचांकडनं राहिलं होतं."

मामा गेले त्याला आता काही वर्षं झाली. ते गेले त्या साली घरात दुखवटा, सण नव्हता. येळवशीला मामींनी कोप उभारली नाही, चूल पेटवली ती रोजच्यापुरती. मी आणि माझी बायको त्यांच्यासोबत असावं म्हणून भालकीहून आलो होतो. गाव रिकामं, सगळे शेतात. दुपार कलली तेव्हा निलव्वा दारात आली, डोक्यावर बिंदगी.

मामी म्हणाल्या, "कामून आलीस गं एवढ्या उन्हात? आमचं तर यंदा न्हाई."

निलव्वा म्हणाली, "वाट बगितली, अक्का. अप्पा आले न्हाईत. भरलेली बिंदगी पुन्ना घरी कशी नेऊ?"

मामींनी तिला ओसरीवर बसवलं आणि आतून लोटकं आणलं.

शेवटी दिलं-घेतलं गेलं ते असं. कोर्टात भरलेले चाळीस रुपये हाली, बिरप्पाला परत. फी आणि वकील, मामांच्या खिशातून. आणि एक लोटकं आंबील, निलव्वाकडून मामींना पोहोचलं.